लग्न साधे, संसार नेटका : खर्चाचा मेळ कसा घालावा?

आपल्या संस्थेच्या स्मरणिकेसाठी काही लिहा, असे सचिवांनी सांगितले तेव्हा धम्मावर लिहिण्याचा माझा अधिकार नाही हे मी त्यांना लगेच सांगून टाकले. मी बँकेत कारकून आहे. रोज हिशेब पाहतो, लोकांच्या पासबुकावर नोंदी करतो. तेव्हा ज्यातले चार शब्द मला कळतात तो विषय निवडला. तो विषय म्हणजे लग्नाचा खर्च.

काउंटरच्या पलीकडे बसणाऱ्याला एक गोष्ट फार लवकर कळते. माणूस कर्ज काढायला येतो तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर लाज नसते, उत्साह असतो. मुलीचे लग्न ठरलेले असते, खिशात पेढे असतात. तोच माणूस दोन वर्षांनी हप्ता थकल्याची नोटीस घेऊन येतो, तेव्हा मात्र तो रांगेत सर्वांत शेवटी उभा राहतो. आपल्या मागे कोणी नसावे, आपले बोलणे कोणी ऐकू नये, म्हणून.

हे मी दुसऱ्यांचे पाहून लिहीत नाही. आमच्या घरातही हेच झाले. २००३ साली माझ्या थोरल्या बहिणीचे लग्न झाले. वडील नगरपालिकेत शिपाई होते. सातशे माणूस जेवले, बँजो वाजला, वरपक्षाकडील एकेकाला टॉवेल-टोपी दिली. त्यासाठी वडिलांनी पतपेढीचे साठ हजार आणि एका ओळखीच्या माणसाकडून शेकडा तीन रुपये दरमहाने चाळीस हजार घेतले. त्या चाळीस हजारांचे व्याजच महिन्याला बाराशे होते. अवघ्या चौतीस महिन्यांत मुद्दलाएवढे व्याज देऊन झाले आणि मुद्दल जिथल्या तिथेच! त्याच वर्षी मी बी. ए. झालो होतो. एम. ए. करायचे, पुढे प्राध्यापक व्हायचे असे मनात होते. प्रवेश फीचे पैसे मी वडिलांजवळ मागितले नाहीत. मागण्यासारखी परिस्थिती नव्हती. शेवटचा हप्ता २०१० साली फिटला. त्या लग्नात वाढलेली बुंदी किती गोड होती हे आज कोणालाही आठवत नाही.

आपली परंपरा काय सांगते?

साधेपणा हा आपल्याकडे गरिबीमुळे आलेला नाही, तो विचारातून आला आहे. महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात पहिला सत्यशोधक विवाह लावला. भटजी नाही, देणेघेणे नाही, वधूवरांच्या प्रतिज्ञा हेच लग्न. बाबासाहेब आणि माता रमाई यांचा विवाह भायखळ्याच्या बाजारात, बाजार उठल्यानंतरच्या मोकळ्या जागेत झाला, हे आपण जयंतीच्या भाषणांत दरवर्षी ऐकतो. पण तेच भाषण ऐकून घरी गेल्यावर एसी हॉलची चौकशी करतो.

भगवान बुद्धांनी गृहस्थाला पैशाबद्दल उपदेश केलेला नाही, असा काहींचा समज आहे. तो बरोबर नाही. दीघ निकायातील सिगालोवाद सुत्तात मिळकतीचे चार भाग करायला सांगितले आहेत. एक भाग उपभोगासाठी, दोन भाग कामधंद्यासाठी आणि चौथा अडचणीच्या दिवसांसाठी राखून ठेवायचा. अंगुत्तर निकायात दीघजाणू नावाच्या गृहस्थाला आय आणि व्यय यांचा मेळ राखून जगण्याचा उपदेश आहे. तिथे मिळकत थोडी असून थाटात राहणाऱ्याला उंबर खाणाऱ्याची उपमा दिलेली आहे. उंबराचे झाड हलवायचे, पडतील तितकी फळे पाडायची, खायची थोडी आणि मातीत जायची जास्त. आपल्या लग्नाच्या पंगती उठल्यानंतर पत्रावळींकडे पाहिले की ही उपमा मला आठवते.

सिगालोवाद सुत्तातच पतीची पाच कर्तव्ये सांगितली आहेत. पत्नीचा सन्मान करणे हे पहिले आणि तिला अलंकार देणे हे पाचवे. म्हणजे दागिना निषिद्ध नाही, परंतु त्याची जागा शेवटची आहे. आपण क्रम उलटा केला आहे.

लग्नाला खरे लागते काय?

बौद्ध पद्धतीच्या मंगल परिणयाला लागणारे साहित्य पाहा : तथागत बुद्ध आणि बाबासाहेब यांच्या प्रतिमा, पांढरे वस्त्र अंथरलेले टेबल, मेणबत्त्या, अगरबत्ती, फुले, पांढरे सूत, पाण्याचे भांडे आणि वधूवरांसाठी दोन पुष्पहार. त्रिसरण-पंचशील, सुत्तपठण, दोघांच्या प्रतिज्ञा, पुष्पहार, आशीर्वाद गाथा. पाऊण तासात विधी पूर्ण होतो. हे सर्व दीड-दोन हजारांत बसते. बाकीचे लाखो रुपये जातात ते लग्नाला नव्हे, लग्नाच्या भोवती.

आपल्या पद्धतीचा एक आर्थिक फायदा आहे, तो फार थोडे लोक घेतात. आपल्याला मुहूर्त लागत नाही. पंचांगातल्या लग्नतिथींना सभागृह, स्वयंपाकी, फोटोग्राफर, गाडी या सर्वांचे भाव चढलेले असतात. तिथी नसलेल्या दिवशी, त्यातही आठवड्याच्या मधल्या वारी, तेच सभागृह पुष्कळ कमी भाड्यात मिळते. मुहूर्त मानत नाही असे म्हणायचे आणि तारीख मात्र इतरांच्या तिथीचीच धरायची, यात विचारही जातो आणि पैसाही जातो.

आधी आकडा, मग यादी

सर्वसाधारणपणे लोक खर्च करीत जातात आणि शेवटी बेरीज करतात. पद्धत याच्या उलट हवी. प्रथम दोन्ही घरच्यांनी एकत्र बसून, कर्ज न काढता किती रक्कम उभी राहते तो आकडा कागदावर लिहावा. त्यातली दहावा हिस्सा रक्कम अडीअडचणीसाठी बाजूला काढावी. उरलेल्यातून किती माणसे बोलावता येतील ते ठरवावे. यादी सर्वांत शेवटी.

खर्च वाढवणारी मुख्य गोष्ट माणसांची संख्या हीच आहे. समजा एक ताट अडीचशे रुपयांना पडते. आठशे माणसांचे दोन लाख होतात, अडीचशे माणसांचे बासष्ट हजार पाचशे. सजावटीत काटकसर करून जे वाचत नाही ते यादीत वाचते. यादी करताना तीन रकाने आखावेत : यांच्यावाचून लग्न होणार नाही असे, बोलावले तर आनंद होईल असे, आणि त्यांनी बोलावले होते म्हणून बोलावायचे असे. तिसऱ्या रकान्यातल्यांना लग्नानंतर घरी चहाला बोलावले तरी संबंध टिकतात.

२०२४ साली त्याच बहिणीच्या मुलीचे लग्न झाले. भाचीचा मामा या नात्याने हिशेबाची वही माझ्याकडे होती. ती ताईच्याच सांगण्यावरून इथे उघडी करतो आहे. तीनशे माणसांचा अंदाज होता.

सभागृह, बुधवारचे भाडे : १५,००० रुपये
जेवण, ३०० ताटे, दर २२० : ६६,००० रुपये
ध्वनिक्षेपक व फुलांची सजावट : ९,००० रुपये
वधू आणि वर दोघांचे कपडे : १६,००० रुपये
विधीचे साहित्य व विहारास दान : ३,००० रुपये
शंभर छापील पत्रिका : २,००० रुपये
फोटो : १२,००० रुपये
टेम्पो व प्रवास : ७,००० रुपये
अडीअडचणीसाठी राखीव : १२,००० रुपये
एकूण : १,४२,००० रुपये

प्रत्यक्षात एकतीस ताटे जास्त लागली. त्यांचे ६,८२० रुपये राखीव रकमेतून दिले. एकूण खर्च १,३६,८२० रुपये झाला आणि तो दोन्ही पक्षांनी निम्मा निम्मा, म्हणजे प्रत्येकी ६८,४१० रुपये वाटून घेतला. सोने यात धरलेले नाही. ताईने आपल्या जुन्या पाटल्या मोडून मुलीचे दागिने केले, नवीन काही घेतले नाही. ताईने तीन वर्षे दरमहा तीन हजार रुपयांचे आवर्ती ठेव खाते चालवले होते. साडेसहा टक्के दराने अशा खात्यात १,०८,००० रुपये मुद्दल आणि त्यावर अकरा हजारांहून थोडे अधिक व्याज जमते. आपला वाटा देऊन उरलेली रक्कम तिने मुलीच्या नावावर ठेवली. त्यातून मुलगा-मुलगी भाड्याच्या खोलीची अनामत भरू शकली.

सगळे गोड झाले असे मात्र नाही. बँजो नाही, मटणाची पंगत नाही, मानपान नाही, म्हणून आमचे थोरले काका नाराज झाले. लग्नाला आले, अक्षता नाहीत म्हणून फुले टाकली आणि न जेवता गेले. अजून ते ताईच्या घरी आलेले नाहीत. त्याची खंत वाटते. मी दोनदा जाऊन आलो, तिसऱ्यांदाही जाईन. काटकसर करणाऱ्याने हे गृहीत धरले पाहिजे की पैसे वाचवल्याचे मोल कधी कधी बोलणी ऐकून द्यावे लागते. परंतु काकांचा रुसवा मी सात वर्षे हप्त्याने फेडणार नाही, हेही तितकेच खरे.

खर्च कुठे कमी करावा?

१) साखरपुडा, हळद, लग्न आणि स्वागत समारंभ असे चार कार्यक्रम करू नयेत. साखरपुडा घरगुती ठेवावा आणि लग्न व स्वागत एकाच ठिकाणी उरकावे. हळदीची रात्र हा अलीकडे लग्नाएवढाच खर्च झाला आहे आणि त्यातला मोठा भाग दारूवर जातो. पंचशील म्हणणाऱ्यांच्या घरी याबद्दल अधिक लिहिण्याची गरज नसावी.

२) जेवणात पदार्थ थोडे आणि चांगले असावेत. वरण-भात, पुरी, दोन भाज्या, एक गोड, ताक. वस्तीतील बचत गटाच्या भगिनींना स्वयंपाक दिला तर पैसाही आपल्यातच राहतो. कोरडा शिधा स्वतः घेऊन दिल्यास शंभर माणसांना साधारण दहा किलो तांदूळ, चार किलो तूरडाळ आणि दहा किलो कणीक धरावी. दोन ताटे आधी मांडून, चव पाहून मगच इसार द्यावा आणि पावती घ्यावी.

३) पत्रिका शंभर पुरेत. इतरांना फोनवरून पाठवावी आणि मागून एकदा बोलावे. पण पत्रिका मुळीच छापू नये असे करू नका. विवाह नोंदणीच्या वेळी पत्रिका मागतात. ती नसली तर प्रतिज्ञापत्र करून द्यावे लागते.

४) डीजे आणि फटाके पूर्णपणे वगळावेत. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार रात्री दहा ते सकाळी सहा या वेळेत उघड्यावर ध्वनिक्षेपक लावता येत नाही. म्हणजे पैसे भरून पोलीस बोलवायचे!

५) शालू एकदाच नेसायचा असतो. त्याऐवजी पांढरी किंवा फिकी चांगली साडी घेतली तर ती पुढे दहा कार्यक्रमांना चालते.

६) एकाच हंगामात वस्तीत तीन-चार लग्ने असतील तर सामुदायिक विवाहाचा विचार करावा. मागासवर्गीय जोडप्यांच्या सामुदायिक विवाहासाठी शासनाची कन्यादान योजना आहे. तिच्या अटी आणि रक्कम लग्न ठरवण्यापूर्वी समाजकल्याण कार्यालयात समक्ष जाऊन विचारावी.

कर्जाचा खरा हिशेब

कर्ज काढलेच तर त्याची किंमत माहीत असावी. तीन लाखांचे वैयक्तिक कर्ज बारा टक्क्यांनी पाच वर्षांसाठी घेतले, तर मासिक हप्ता सुमारे ६,६७३ रुपये पडतो. साठ हप्त्यांत आपण चार लाखांहून अधिक भरतो. एक लाख रुपये निव्वळ व्याज जाते. हातउसने शेकडा पाचने घेतले तर ते वर्षाला साठ टक्के होतात आणि वीस महिन्यांत व्याज मुद्दलाला गाठते. सावकार 'शेकडा पाच' म्हणतो तेव्हा तो महिन्याचा दर असतो, हे शिकलेली माणसेही विसरतात. आणि लग्नासाठी मुलांच्या शिक्षणाचा पैसा मोडू नये, ही माझी हात जोडून विनंती. ते खाते पुन्हा उघडता येत नाही.

कायद्याच्या चार गोष्टी

मुलीचे वय अठरा आणि मुलाचे एकवीस पूर्ण असले पाहिजे. १९६१ च्या हुंडा प्रतिबंधक कायद्याप्रमाणे हुंडा देणे व घेणे दोन्ही गुन्हे आहेत. शिक्षा किमान पाच वर्षे कैद आणि किमान पंधरा हजार रुपये किंवा हुंड्याच्या किमतीएवढा, यांपैकी जो जास्त असेल तो दंड. 'आम्ही काही मागत नाही, तुमच्या मुलीला काय द्यायचे ते द्या' हे वाक्य ऐकले की सावध व्हावे. स्वखुशीने भेटी दिल्या तर १९८५ च्या नियमांनुसार त्यांची यादी करावी. वस्तू, अंदाजे किंमत, देणाऱ्याचे नाव व नाते लिहून त्यावर वधूवरांनी सही करावी. हा संशय नव्हे, शिस्त आहे.

महाराष्ट्रात १९९८ च्या कायद्यान्वये विवाहाची नोंदणी करावी लागते. विवाहापासून नव्वद दिवसांच्या आत महानगरपालिका, नगरपरिषद किंवा ग्रामपंचायतीकडे तीन साक्षीदारांसह अर्ज द्यावा. वयाचे व पत्त्याचे पुरावे, पत्रिका, विधीचा फोटो आणि विधी लावणाऱ्या बौद्धाचार्यांचे प्रमाणपत्र जवळ ठेवावे. ज्यांना विधीही नको त्यांच्यासाठी १९५४ चा विशेष विवाह कायदा आहे. त्यात तीस दिवसांची नोटीस द्यावी लागते. पासपोर्ट, रेशनकार्ड, बँकेतील संयुक्त खाते अशा अनेक कामांत पुढे हा दाखला उपयोगी पडतो.

लग्नाला जाणाऱ्यांसाठी

यजमानाचा खर्च कमी होणे पाहुण्यांच्याही हातात असते.

'सहकुटुंब सहपरिवार' असे छापलेले असले तरी किती जण येणार ते आधी कळवावे. आमची एकतीस ताटे अशीच वाढली. दिलेल्या वेळेवर पोहोचावे. एक पाहुणा खोळंबला की सभागृहाचा तास वाढतो. ताटात लागेल तेवढेच घ्यावे.

आहेर हे कर्ज नाही. 'त्यांनी पाचशे एक दिले होते' म्हणून वही काढून बसू नये. आपल्याला जे परवडते ते नाव लिहिलेल्या पाकिटात द्यावे. साडी-टॉवेलचा आहेर देऊ नये. तो एका घरातून दुसऱ्या घरात फिरत राहतो, कोणी वापरत नाही. कार्यालयातील किंवा गल्लीतील पाच-सहा जणांनी मिळून एक कुकर, एक मिक्सर किंवा चांगल्या ग्रंथांचा संच दिला तर तो संसाराला लागतो. एका हंगामात दहा पत्रिका आल्या तर वर्षाच्या सुरुवातीलाच आहेर आणि प्रवास यांची रक्कम ठरवून टाकावी. सगळीकडे जाणे जमले नाही तर फोन करावा आणि नंतर सवडीने भेटावे.

प्रवासाला एकेकट्याने गाडी करू नये. एस. टी. ने जावे. २०२२ पासून पंचाहत्तर वर्षांवरील ज्येष्ठांना एस. टी. चा प्रवास मोफत आणि २०२३ पासून महिलांना अर्ध्या तिकिटात आहे. घरातील आजी आणि दोन बायका असल्या तरी निम्म्याहून अधिक भाडे वाचते.

विद्यार्थी मित्रांना वेगळे सांगावेसे वाटते. परीक्षेच्या दिवसांत लग्नाला गेला नाहीत तर कोणी रागावणार नाही, आणि रागावले तरी पेपर पुन्हा होत नाही. नवीन कपड्यांचा हट्ट धरू नका. आहेराच्या ऐवजी वाढायला उभे राहा, खुर्च्या लावा, वृद्धांना बसवून द्या. आणि तुमच्या स्वतःच्या लग्नाचा विषय घरात निघेल तेव्हा गप्प बसू नका. आईवडील बहुधा मुलांसाठी म्हणूनच कर्ज काढतात. मुलांनी 'आम्हाला हे नको' असे वेळेवर म्हटले तर निम्मे कर्ज तिथेच टळते. २००३ साली मी गप्प बसलो होतो. २०२४ साली माझी भाची गप्प बसली नाही.

आपल्या संस्थेनेही एक करावे असे सुचवतो. सतरंज्या, खुर्च्या, मोठी पातेली, ताटे आणि ध्वनिक्षेपक संस्थेने एकदा विकत घ्यावेत आणि सभासदांना धुण्या-वाहण्याच्या खर्चात वापरायला द्यावेत. चार लग्नांत खर्च निघेल. हिशेबाची वही लिहायला माणूस लागला तर मी आहे.

बाबासाहेबांनी १९५६ साली आपल्याला जुन्या रूढींच्या ओझ्यातून मोकळे केले. ते ओझे आपण हप्त्याने परत विकत घेऊ नये, एवढेच नम्र सांगणे.

जयभीम! नमो बुद्धाय!